नळाला घाण पाणी, मागच्या गल्लीला नळच नाही: कायद्याने काय मागता येईल?

सदाफुली

आमचं गाव काही वर्षांपूर्वी महापालिकेच्या हद्दीत आलं. ग्रामपंचायतीच्या वेळची पाण्याची लाईन तशीच राहिली, पाणीपट्टीचं बिल मात्र महापालिकेचं यायला लागलं. पाणी एक दिवसाआड, भल्या पहाटे. नळ सुरू झाला की पहिली काही मिनिटं पाणी मातकट येतं आणि गटाराचा वास मारतो. नंतर हळूहळू स्वच्छ होतं. गेल्या पावसाळ्यात आमच्या इमारतीतल्या मुलांना पाठोपाठ कावीळ झाली, माझा धाकटाही त्यात होता. डॉक्टरांनी पहिला प्रश्न विचारला तो पाणी कुठलं पिता हाच.

मी सोसायटीची सचिव आहे. वॉर्ड ऑफिसला लेखी तक्रार दिली, पोच घेतली. माणूस आला, बाटलीत पाणी घेऊन गेला. नंतर तोंडी सांगितलं, "पाणी पिण्यायोग्य आहे, तुमच्याच टाकीत दोष असेल." अहवालाची प्रत मागितली, तर तशी पद्धत नाही म्हणाले.

दुसरा विषय यापेक्षा अवघड आहे. आमच्या इमारतीमागे पत्र्याच्या खोल्यांची एक गल्ली आहे. बांधकामावर जाणारी, घरकाम करणारी कुटुंबं. त्यांनी नळजोडणी मागितली, तर बांधकाम अनधिकृत आहे म्हणून काउंटरवरूनच परत पाठवलं. तिथल्या बाया पहाटे आमच्या आवारातल्या नळावर हंडे भरतात. आता सोसायटीत काही जण म्हणतात की नळाला कुलूप लावा. मला ते पटत नाही, पण सभेत बोलायला माझ्या हातात ठोस काही नाही.

तर विचारायचं असं की, शुद्ध पाणी मिळणं हा आपला कायदेशीर हक्क आहे का? असेल तर कुठे लिहिलाय? आणि मागच्या गल्लीला तो आहे की नाही?

काळा कोट

सदाफुलीताई, हक्क आहे. तुम्हालाही आहे आणि मागच्या गल्लीलाही. पण तो कुठे आहे हे नीट कळलं तरच वापरता येईल, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

"प्रत्येक नागरिकास शुद्ध पाण्याचा हक्क असेल" असं वाक्य राज्यघटनेत सापडणार नाही. तो हक्क सर्वोच्च न्यायालयाने कलम २१ मधून, म्हणजे जीविताच्या हक्कातून काढला आहे. १९९१ च्या सुभाष कुमार विरुद्ध बिहार राज्य या निकालात प्रदूषणमुक्त पाणी आणि हवा हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे असं म्हटलं. २००० साली नर्मदा बचाव आंदोलनाच्या निकालातही पाणी ही जगण्याची मूलभूत गरज असून कलम २१ मध्ये येते असं आलं. (त्याच निकालाने धरणाचं काम पुढे जाऊ दिलं, हेही विसरू नये. पाण्याच्या हक्काचं वाक्य कुणाच्या बाजूने वापरलं जाईल हे त्या वाक्यावरून ठरत नाही.)

मागच्या गल्लीसाठी लागणारा निकाल म्हणजे पाणी हक्क समिती विरुद्ध बृहन्मुंबई महानगरपालिका, मुंबई उच्च न्यायालय, १५ डिसेंबर २०१४. मुंबईत १ जानेवारी २००० नंतर उभ्या राहिलेल्या झोपड्यांना महापालिका पाणी देत नव्हती. झोपडी बेकायदा आहे एवढ्याच कारणाने तिथल्या माणसाला पिण्याचं पाणी नाकारता येणार नाही, असं न्यायालयाने सांगितलं आणि महापालिकेला धोरण करायला लावलं. मात्र याच निकालात मर्यादाही आहेत, त्या सभेत लपवू नका. अधिकृत घरात राहणाऱ्याइतक्याच सोयीने पाणी मागता येणार नाही, घरात नळ मिळेलच असं नाही, दर जास्त असू शकतो. आणि पाणी मिळालं म्हणून बांधकाम अधिकृत होत नाही. या शेवटच्या मुद्द्याचा तुम्हाला फायदाच होईल, कारण अधिकाऱ्यांना खरी भीती त्याचीच असते. आदेश मुंबई महापालिकेला होता, पण कलम २१ चा अर्थ राज्यातल्या प्रत्येक महापालिकेला लागू आहे.

आता सगळ्यात महत्त्वाचं. वॉर्ड ऑफिसच्या अर्जात नुसतं "कलम २१" लिहू नका. ते वाचून कनिष्ठ अभियंता फाइल विधी विभागाकडे सरकवतो आणि ती तिथेच पडून राहते. अर्जात महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाचं कलम ६३ लिहा. महापालिकेची बंधनकारक कामं त्यात दिली आहेत. सार्वजनिक आणि खासगी वापरासाठी पुरेसं पाणी पुरवण्याची व्यवस्था करणं, जलवाहिन्या आणि जलकामं सांभाळणं ही त्यातली कामं आहेत. इच्छा असेल तर करायची कामं वेगळ्या कलमात येतात, पाणी त्यात नाही. (मुंबई असेल तर कायदा वेगळा, १८८८ चा, तिथे कलम ६१ पाहा.) हक्क राज्यघटनेचा, पण भांडायचं ते महापालिकेच्या कर्तव्यावर. माझा सगळा अनुभव हेच सांगतो.

तुरटी

मी पाणीपुरवठा खात्याच्या प्रयोगशाळेत केमिस्ट होतो, आता निवृत्त आहे. कायद्याचं ताईंनी सांगितलंच. मी तुमच्या नळाबद्दल सांगतो, कारण तुमच्या वर्णनातच अर्धं उत्तर आहे.

"पहिली काही मिनिटं वास, मग स्वच्छ" म्हणजे दोष बहुतेक वाटेत आहे. शुद्धीकरण केंद्र बिघडलं असतं तर सगळं पाणी सारखंच आलं असतं. एक दिवसाआड पुरवठा असला की मधल्या वेळात लाईन रिकामी होते. रिकाम्या होणाऱ्या लाईनमध्ये आतला दाब बाहेरच्यापेक्षा कमी होतो आणि जिथे सांधा सैल किंवा पाइप कुजलेला असेल तिथून बाजूचं पाणी आत ओढलं जातं. बाजूचं पाणी म्हणजे आपल्याकडे गटार. जुन्या गावठाणात मुख्य लाईनवरून घरापर्यंत येणारे जीआय (जस्ताचा लेप दिलेले लोखंडी) पाइप सर्रास गटारातून आडवे नेलेले असतात. त्यात कुणी लाईनला थेट मोटर लावून पाणी खेचत असेल तर ही ओढ आणखी वाढते. पहाटे व्हॉल्व्ह उघडला की हे शिरलेलं पाणी सगळ्यात आधी तुमच्या नळातून बाहेर पडतं.

आता नमुन्याचं. तुम्हीही खरं बोलताय आणि कदाचित तो अहवालही खरा आहे. नमुना घेण्याची नेहमीची रीत अशी की नळ दोन-तीन मिनिटं वाहू द्यायचा, मग बाटली भरायची. लाईनमधल्या पाण्याचा सरासरी दर्जा बघायला ती रीत बरोबर आहे. पण तुमचा दोष त्या दोन-तीन मिनिटांतच वाहून जातो. म्हणून लेखी मागणी करा की पुरवठा सुरू होताक्षणी एक आणि नंतर एक असे दोन नमुने घ्यावेत, लाईनवरच्या थेट नळातून, टाकीतून नव्हे. टाकीतून घेतला की "तुमच्याच टाकीत दोष" हे उत्तर तयार असतं. वेळ, जागा आणि हजर माणसांची नावं लिहून तिथेच सह्या घ्या.

नमुन्याआधी ओटी (ऑर्थोटोलिडीन) टेस्ट करायला सांगा. पाण्यात उरलेला क्लोरीन असेल तर थेंब टाकल्यावर पिवळा रंग येतो. भारतीय मानक आयएस १०५०० प्रमाणे ग्राहकाच्या नळाशी लिटरला किमान ०.२ मिलिग्रॅम मुक्त क्लोरीन उरलेला हवा. महापालिकेच्या टाकीजवळ क्लोरीन सापडतो आणि तुमच्या नळाशी पहिल्या पाण्यात शून्य, असं दिसलं तर वाटेत काहीतरी तो खाऊन टाकतंय हे उघड आहे. जिवाणूंच्या तपासणीत १०० मिलिलिटर पाण्यात ई. कोलाय अजिबात सापडता कामा नये. इथे "थोडेसे चालतील" असा प्रकारच नाही.

पण एक गोष्ट कळकळीने सांगतो. ई. कोलाय नाही म्हणजे कावीळ होणार नाही, असं धरून चालू नका. १९५५-५६ मध्ये दिल्लीत यमुनेच्या पुरानंतर सांडपाणी पाणी उपसण्याच्या जागेपर्यंत पोचलं. क्लोरीनचा डोस वाढवला होता, त्यामुळे टायफॉईड वगैरे उसळला नाही, तरी सुमारे २९ हजार लोकांना कावीळ झाली. विषाणू जिवाणूंपेक्षा चिवट असतात. तो विषाणू हेपॅटायटिस ई होता हे कितीतरी वर्षांनी कळलं. तेव्हा लाईन दुरुस्त होईपर्यंत पिण्याचं पाणी खळखळून उकळा, उकळी फुटल्यावर निदान एक मिनिट. तुरटीने गाळ बसतो, जंतू मरत नाहीत. माझं इथलं नाव बघून कुणी गैरसमज करून घेऊ नये.

आणि स्वतःची टाकीही धुऊन घ्या, झाकण घट्ट आहे का, ड्रेनेजची टाकी तिला खेटून आहे का ते बघा. म्हणजे समोरच्याला बोट दाखवायला जागा उरणार नाही.

नाकासमोर

सगळं पटलं, पण एक बाजू कुणी मांडत नाही म्हणून लिहितो. न्यायालयाने हक्क म्हटला म्हणून धरणात पाणी वाढत नाही. २०१६ मध्ये लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी न्यावं लागलं, तेव्हा कुठलं कलम उपयोगी पडलं? हद्दवाढ करताना एका फटक्यात गावं आत घ्यायची आणि पाइपलाइनला निधी द्यायचा नाही, हे सरकारचं पाप आहे, पण भोगतो तो नियमाने पाणीपट्टी भरणारा. अनधिकृत बांधकामांना पाणी देत गेलो तर उद्या आणखी खोल्या उठतील, आणि आहे त्याच लाईनवरचा दाब आणखी कमी होईल. सोसायटीतले लोक कुलूप म्हणतात ते दुष्ट आहेत म्हणून नव्हे, त्यांनाही एक दिवसाआडच मिळतं.

काळा कोट

नाकासमोर, तुमचा प्रश्न खरा आहे आणि न्यायालयांपुढेही तो अनेकदा आला आहे. पैसे नाहीत ही सबब नगरपालिकेला सांगता येते का, यावर सर्वोच्च न्यायालयाने १९८० मध्येच रतलाम नगरपालिकेच्या खटल्यात उत्तर दिलं. तिथे उघडी गटारं आणि दुर्गंधी याबद्दल रहिवासी भांडत होते, नगरपालिका म्हणाली तिजोरी रिकामी आहे. कायद्याने नेमून दिलेलं कर्तव्य पैशाच्या अडचणीचं कारण देऊन टाळता येणार नाही, असं न्यायालयाने ठामपणे सांगितलं. तोच नियम पाण्यालाही लागतो.

पाणी कमी असेल तर ते सर्वांना कमी मिळावं, ही वाटणीची चर्चा झाली. काहींना अजिबातच नाही, ही गोष्ट वेगळी. हक्काने धरण भरत नाही हे कबूल. पण आहे ते पाणी कुणाला द्यायचं हे ठरवताना कुणाला पूर्ण वगळता येणार नाही, एवढं तो हक्क नक्की करतो. आणि खोल्या वाढण्याचं म्हणाल, तर बांधकाम रोखायला नगररचना विभाग आहे, नोटिसा आहेत, पाडकाम आहे. त्या खात्याने काम केलं नाही, त्याची भरपाई बाईच्या हंड्यातून करायची नसते.

महाराष्ट्रात तरी हे नव्याने सांगावं लागू नये. महाडचं चवदार तळं नगरपालिकेचं होतं. ते सर्वांना खुलं करण्याचा ठराव नगरपालिकेने १९२४ मध्ये केला होता, प्रत्यक्षात पाणी घेऊ दिलं जात नव्हतं. २० मार्च १९२७ ला डॉ. बाबासाहेब आंबेडकर आणि हजारो माणसं त्या तळ्यावर गेली. त्यानंतर तळं खासगी असल्याचा आणि अस्पृश्यांना वगळण्याची रूढी फार जुनी असल्याचा दावा न्यायालयात गेला. मुंबई उच्च न्यायालयाने १७ मार्च १९३७ ला निकाल दिला: अशी अनादी काळापासूनची रूढी सिद्ध झालेली नाही. म्हणजे ठराव होऊन तेरा वर्षं, सत्याग्रह होऊन दहा. सार्वजनिक पाणी कुणाचं, हा खटला आपल्याकडे राज्यघटनेच्याही आधी लढला गेला आहे. तुमच्या सभेत हे सांगा, ताई. लोक ऐकतील.

सदाफुली

खूप आभार दोघांचे. तुरटीकाका, तुमचं वाचून आज पहाटे नळ सुरू झाल्यावर आमच्या रस्त्यावरच्या प्रत्येक घरी विचारत गेले. रस्त्याच्या वरच्या अंगाला असलेल्या दोन बंगल्यांत वास येत नाही. आमच्यापासून खाली सगळ्यांकडे येतो. आमच्या फाटकाजवळ लाईन नाल्यावरून जाते आणि तिथे पाइप ओला दिसतो, पाणी नसतानाही.

आता अर्ज कसा लिहू? आणि कुलपाचं काय करू? कायद्याने सोसायटी कुलूप लावू शकते का?

तुरटी

मग दोष त्या दोन बंगल्यांच्या आणि तुमच्या फाटकाच्या मधे आहे, आणि नाल्यावरचा ओला पाइप हा पहिला संशयित. फोटो काढा, तारीख-वेळेसकट, पाणी चालू असताना एक आणि बंद असताना एक. साध्या कागदावर नकाशा काढा, कुठल्या घरी वास येतो त्यावर फुली. असा नकाशा हातात आला की चांगला अभियंता तासाभरात खोदायची जागा सांगतो. "संपूर्ण लाईन बदला" अशी मागणी केली तर अंदाजपत्रक, निविदा, मंजुरी यात वर्ष जाईल. "नाल्यावरचा एवढा तुकडा बदला, पाइप गटाराच्या वरून आणि वेगळ्या आवरणातून न्या" ही मागणी देखभाल-दुरुस्तीत बसते.

काळा कोट

कुलपाबद्दल आधी. तुमच्या आवारातला नळ सोसायटीच्या जोडणीवरचा आहे. दुसऱ्यांना पाणी देण्याचं कायदेशीर बंधन सोसायटीवर नाही, ते महापालिकेवर आहे. म्हणून सभेत हा प्रश्न दयेचा म्हणून मांडू नका, नाहीतर दोन तट पडतील. असा ठराव करा की मागच्या गल्लीसाठी महापालिकेने सार्वजनिक नळकोंडाळं द्यावं, आणि ते मिळेपर्यंत सध्याची व्यवस्था ठराविक वेळेत चालू राहील. कुलूप लावणाऱ्यांनाही त्या ठरावावर सही करता येईल, कारण त्यांच्या नळावरचा भार त्यानेच कमी होणार आहे.

मागच्या गल्लीचा अर्ज त्यांच्याच नावाने द्या, तुमच्या नव्हे. काउंटरवरून तोंडी परत पाठवणं चालणार नाही. नवीन नळजोडणी ही लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ खाली अधिसूचित सेवा आहे का ते महापालिकेच्या फलकावर बघा, बहुतेक ठिकाणी आहे. असेल तर अर्ज घ्यावाच लागतो, नाकारला तर लेखी कारण द्यावं लागतं, आणि त्यावर आधी खात्यात दोन अपिलं, पुढे लोकसेवा हक्क आयोग अशी वाट आहे. लेखी नकार हाच पुढच्या लढाईचा पाया असतो, त्यामुळे नकार आला तर निराश होऊ नका, जपून ठेवा.

तुमच्या घाण पाण्यासाठी दोन कागद एकाच दिवशी द्या. एक अर्ज प्रभाग कार्यालयात आणि त्याची प्रत आरोग्य अधिकाऱ्याला: नकाशा, फोटो, मुलांच्या डॉक्टरांचे कागद जोडून, कलम ६३ चा उल्लेख करून, नेमका कुठला तुकडा दुरुस्त करायचा ते सांगून. दुसरा माहितीच्या अधिकारात: आधीच्या नमुन्याचा अहवाल, नमुना किती वाजता आणि कुठल्या नळातून घेतला याची नोंद, गेल्या वर्षभरातल्या तुमच्या भागातल्या क्लोरीन तपासणीची नोंदवही. साधारण मुदत ३० दिवसांची आहे. माहिती एखाद्याच्या जीविताशी निगडित असेल तर ४८ तासांची तरतूद आहे. मुलांच्या आजारपणाचे कागद जोडून ती मागाच, मान्य होईल याची खात्री देत नाही. आणखी एक, जे फार थोड्यांना माहीत असतं: माहितीच्या अधिकारात कामाची प्रत्यक्ष पाहणी करणं आणि साहित्याचे प्रमाणित नमुने घेणं हेही येतं.

एक सावधगिरी. आयएस १०५०० चा आधार जरूर घ्या, पण "हा मोडला म्हणून गुन्हा झाला" असं लिहू नका. नळाच्या पाण्याला ते मानक बंधनकारक केलेलं नाही, आणि आपल्या व्यवस्थेतली ही मोठी उणीव आहे असं मला ठामपणे वाटतं. म्हणूनच तुमचा जोर कर्तव्यावर हवा, मानक हा पुरावा.

याने काही हललं नाही तर उच्च न्यायालयाआधी स्थायी लोकअदालतीचा विचार करा. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम २२-अ मध्ये लोकोपयोगी सेवांत पाणीपुरवठा स्पष्ट लिहिलेला आहे. कोर्ट फी नाही. आधी तडजोडीचा प्रयत्न होतो, जमलं नाही तर ती अदालत स्वतः निर्णय देऊ शकते. मुख्य अट अशी की प्रकरण आधी दुसऱ्या कोर्टात गेलेलं नसावं. प्रत्येक जिल्ह्यात ती नाही, जिल्हा न्यायालयातल्या विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात चौकशी करा. त्याच कायद्याच्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना उत्पन्नाची अट न लागता मोफत वकील मिळतो. म्हणजे तुम्हालाही, आणि हंडे भरणाऱ्या प्रत्येकीलाही.

उंबरठा

विषय थोडा वेगळा, पण इथेच विचारतो. मी भाड्याने राहतो. भाड्यावरून वाद झाला आणि घरमालकाने वरच्या टाकीचा कॉक बंद केला. हे चालतं का?

काळा कोट

नाही चालत. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ चं कलम २९: सबळ कारणाशिवाय घरमालकाला पाण्यासारखी अत्यावश्यक सेवा तोडता येत नाही. न्यायालयात अर्ज करून ती तातडीने पूर्ववत करून घेता येते. सोसायटीने थकबाकीसाठी एखाद्या सभासदाचं पाणी तोडणंही असंच चूक आहे, वसुलीसाठी निबंधकाकडे जायची वेगळी वाट आहे. सविस्तर हवं असेल तर नवा धागा काढा, तिथे लिहीन.

सदाफुली

अर्जाचा मसुदा आज रात्री लिहिते. मागच्या गल्लीतल्या दोघीजणी उद्या माझ्याबरोबर प्रभाग कार्यालयात यायला तयार झाल्या आहेत, त्यांचा अर्ज वेगळा. काका, एकच विचारायचं राहिलं. महापालिकेने पहिल्या पाण्याचा नमुना घेतलाच नाही तर आम्ही स्वतः घेऊन कुठे देऊ शकतो का? घरातली बाटली उकळून चालेल?

तुरटी

घरची बाटली नको. जिल्हा सार्वजनिक आरोग्य प्रयोगशाळेत आधी जाऊन निर्जंतुक बाटली मागून आणा. तिच्या तळाशी थायोसल्फेट असतं, ते धुऊन टाकू नका, पाण्यातला क्लोरीन नमुन्यातल्या जंतूंना वाटेत मारू नये म्हणून ते घातलेलं असतं. नळाचं तोंड पुसून घ्या, नळाला नळी किंवा जाळी लावलेली असेल तर काढा, बाटलीच्या तोंडाला किंवा बुचाच्या आतल्या बाजूला बोट लावू नका, आणि वर थोडी जागा सोडून भरा. बर्फात ठेवून त्याच सकाळी पोचवा. शनिवारी पाणी येत असेल तर तो दिवस टाळा, रविवारी नमुना तसाच पडून राहील.